कर्करोग अडवणारी जनुके : वावरच्या वाचकांसाठी प्रस्तावना

जव्हार-मोखाड्यात ज्याने सिकलसेलची तपासणी करून घेतली आहे, त्याला या शास्त्राचा निम्मा पाया आधीच ठाऊक आहे. बोटातून रक्ताचा थेंब घेतात आणि नंतर कळते की घरातला एक जण वाहक आहे, एक रुग्ण आहे, एकाला काहीच नाही. वाहकाकडे हिमोग्लोबिन घडवणाऱ्या जनुकाची एक प्रत बदललेली असते, दुसरी शाबूत असते, आणि त्या एका शाबूत प्रतीवर तो शेतात राबतो, डोंगर चढतो, संसार करतो. दोन्ही प्रती बदललेल्या आल्या की मात्र आजार होतो. आईकडून एक आणि बापाकडून एक, हे गणित इथल्या आशाताईंना किंवा आश्रमशाळेतल्या दहावीच्या मुलांना नव्याने समजवावे लागत नाही.

शरीराला कर्करोगापासून वाचवणारी जनुके याच दोन प्रतींच्या नियमाने चालतात. जगभर त्यांना ट्यूमर सप्रेसर म्हणतात. मी पुढे रोधक जनुके म्हणणार आहे. सिकलसेलमध्ये दोन्ही प्रतींचा निकाल गर्भधारणेच्या क्षणी लागलेला असतो. रोधक जनुकांचे तसे नाही. बहुतेक माणसे या जनुकांच्या दोन्ही प्रती धड घेऊन जन्मतात आणि त्या निकामी होतात नंतर, एखाद्याच पेशीत, वर्षांमागून वर्षे जाता जाता. निकामी व्हायला एवढा वेळ लागतो, म्हणून मध्ये हात घालायला जागा राहते. जव्हार तालुक्यातल्या वावरच्या वाचकाने या शास्त्राकडे का वळावे, याचे माझे उत्तर त्या जागेत आहे.

वावरचे नाव उरलेल्या महाराष्ट्राने ऐकले ते १९९२-९३ मध्ये, वावर-वांगणीतल्या कुपोषित बालकांच्या मृत्यूंमुळे. तेव्हापासून या डोंगराळ पट्ट्याचे आरोग्य मुख्यतः वजनकाट्यावर आणि दंडाच्या घेरावर मोजले गेले. ते मोजणे गरजेचे होते, आजही आहे. पण त्याच घरातल्या चाळिशीच्या बाईच्या गर्भाशयमुखाकडे किंवा तिच्या गालाच्या आतल्या पांढऱ्या चट्ट्याकडे पाहायची सवय व्यवस्थेला फार उशिरा लागली. कर्करोग म्हणजे शहरातला, उतारवयातला आजार आणि जनुके म्हणजे त्याहून दूरची, काचेच्या खोलीतली गोष्ट, असे अजून पुष्कळांना वाटते. मला हे मान्य नाही. महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांत फार दिसणारे दोन कर्करोग, गर्भाशयमुखाचा आणि तोंडाचा, रोधक जनुके कशी निकामी होतात हे शिकायला सर्वांत चांगली उदाहरणे आहेत.

आधी पेशीकडे जाऊ. प्रौढ माणसाच्या शरीरात अंदाजे ३७ लाख कोटी पेशी असतात. त्यांतल्या काही, जसे आतड्याच्या आणि तोंडाच्या अस्तरातल्या किंवा अस्थिमज्जेतल्या, जन्मभर विभागत राहतात. दरवेळी डीएनएची सुमारे ६०० कोटी अक्षरे पुन्हा लिहिली जातात. पेशीची दुरुस्ती यंत्रणा फार चोख असली तरी एखादी चूक राहतेच. शिवाय बाहेरून धूर, ऊन, तंबाखूतली रसायने, बुरशी आलेल्या दाण्यांतले विष हेही डीएनएला इजा करतात. अशा पेशीने विभागणी थांबवावी, दुरुस्ती करावी आणि दुरुस्ती जमत नसेल तर स्वतःला संपवावे, ही सोय शरीरात आहे आणि ती रोधक जनुकांकडे आहे.

ही सोय आहे हे कळायला अर्धे शतक गेले. थिओडोर बोव्हेरी या जर्मन शास्त्रज्ञाने १९१४ मध्येच लिहून ठेवले होते की पेशीत विभागणीला अटकाव करणारी गुणसूत्रे असावीत आणि ती गमावल्यावर पेशी मोकाट वाढत असावी. त्याने हा तर्क बांधला तो समुद्री प्राण्यांची अंडी सूक्ष्मदर्शकाखाली बघून. तर्काला पुरावा मिळाला १९६९ मध्ये. ऑक्सफर्डच्या हेन्री हॅरिस यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कर्करोगाची पेशी आणि निरोगी पेशी एकमेकींत मिसळून एकच पेशी केली. तोवरचा सर्वसाधारण समज असा की कर्करोग वरचढ ठरेल. झाले उलटे. मिसळलेल्या पेशी उंदरात गाठी करेनात. निरोगी पेशीकडे असे काहीतरी होते जे कर्करोगाच्या पेशीने गमावले होते, आणि ते परत मिळताच वाढ आवरली गेली. या शास्त्रातला मला सर्वांत प्रिय प्रयोग हाच. कर्करोग म्हणजे काहीतरी वाईट आत शिरणे, ही आपली जुनी कल्पना. काहीतरी चांगले गमावणे असाही त्याचा अर्थ असू शकतो, हे इथे पहिल्यांदा डोळ्यांना दिसले.

दोन वर्षांनी, १९७१ मध्ये, ह्यूस्टनमधल्या आल्फ्रेड नुडसन यांनी कागद-पेन्सिलीवर त्याहून पुढची मजल मारली. त्यांच्यासमोर रेटिनोब्लास्टोमा या डोळ्याच्या कर्करोगाच्या ४८ मुलांच्या नोंदी होत्या. हा तान्ह्या आणि लहान मुलांचा आजार. उजेड पडला की बुबुळात मांजराच्या डोळ्यासारखी पांढरी चमक दिसते, आणि बहुतेक वेळा ती प्रथम आईलाच दिसते. काही मुलांच्या दोन्ही डोळ्यांत गाठी होत्या. त्यांना आजार फार लवकर झाला होता आणि अशा घरांत आधीही कुणाला झालेला असायचा. बाकीच्या मुलांना एकाच डोळ्यात, थोड्या मोठ्या वयात, घराण्यात काही नसताना झाला होता. वयाचे आकडे मांडून नुडसन यांनी अनुमान काढले की गाठ व्हायला दोन घाव लागतात. पहिल्या गटातली मुले एक घाव सोसूनच जन्मली होती, म्हणून डोळ्यातल्या कोणत्याही पेशीत दुसरा एकच पडणे पुरेसे होते. दुसऱ्या गटात दोन्ही घाव एकाच पेशीत पडावे लागले आणि त्याला वेळ लागला. जनुक कुणी पाहिलेले नव्हते. १९८६ मध्ये बोस्टनमधल्या शास्त्रज्ञांनी तेराव्या गुणसूत्रावरून ते वेगळे काढले. हे आरबी, हाती आलेले पहिले रोधक जनुक. नुडसन यांचे गणित बरोबर निघाले.

आरबीचे प्रथिन काय करते, हे नीट समजून घेण्यासारखे आहे, कारण पुढे गर्भाशयमुखाच्या प्रकरणात त्याची गाठ पुन्हा पडेल. पेशीने विभागायचे ठरवले की तिला डीएनएची नवी प्रत काढण्यासाठी लागणारी अनेक प्रथिने एकदम बनवावी लागतात. त्यांचा हुकूम देणारे एक प्रथिन आहे, ई-टू-एफ. आरबी त्याला धरून बसते. वाढीचा योग्य संदेश येईल तेव्हाच आरबीवर रासायनिक खुणा उमटतात, त्याची पकड सुटते, ई-टू-एफ कामाला लागते आणि पेशी विभागते. काम झाले की पकड पुन्हा बसते. आरबीच्या दोन्ही प्रती गेल्या तर धरणारे कुणी उरत नाही. संदेश असो वा नसो, प्रती निघत राहतात.

दुसरे मोठे जनुक म्हणजे पी-५३. याची कथा विज्ञानाच्या विद्यार्थ्याने जरूर वाचावी, कारण तीत हुशार माणसे दहा वर्षे चुकीच्या वाटेवर होती. १९७९ मध्ये ब्रिटन आणि अमेरिकेतल्या प्रयोगशाळांना कर्करोगाच्या पेशींत हे प्रथिन भरपूर सापडले. भरपूर आहे म्हणजे तेच कर्करोग घडवत असणार, असे सर्वांनी धरले. प्रयोगही तसेच सांगत होते. नंतर उमगले की त्या प्रयोगांत वापरलेल्या जनुकाच्या प्रती आधीच बिघडलेल्या होत्या. १९८९ मध्ये बर्ट व्होगेलस्टीन यांच्या गटाने आतड्याच्या कर्करोगात सतराव्या गुणसूत्राचा नेमका हा भाग गायब झाल्याचे आणि उरलेली प्रत बिघडल्याचे दाखवले. त्याच वर्षी आर्नल्ड लेव्हिन यांच्या गटाने दाखवले की धड पी-५३ पेशीची विकृत वाढ रोखते. गुन्हेगार म्हणून धरलेले प्रथिन रक्षक निघाले. आज आपल्याला माहीत आहे की माणसाच्या सुमारे निम्म्या कर्करोगांत हे जनुक बिघडलेले असते. एवढे वारंवार बिघडणारे दुसरे जनुक नाही.

नागलीचे बियाणे राखताना घरातली जाणती बाई कणसे हातात घेते, शंका वाटेल ते बाजूला ठेवून पुन्हा बघते, किडलेले टाकून देते. पुढच्या वर्षीच्या शेतात ते जायला नको. पी-५३ पेशींच्या बाबतीत हेच करते. एरवी पेशी हे प्रथिन बनवत असते आणि एमडीएम-टू नावाचे दुसरे प्रथिन ते लगेच मोडीत काढत असते, त्यामुळे साठा कमीच राहतो. डीएनए तुटला की मोडणे थांबते आणि पी-५३ झपाट्याने साठते. मग ते डीएनएवर बसून इतर जनुकांना जागे करते. त्यांतले पी-२१ विभागणी थांबवते, काही दुरुस्तीला लागतात, आणि इजा फार असेल तर काही पेशीला मरणाच्या वाटेने नेतात. ही पेशी गाजावाजा न करता, सूज न आणता मरते. आपल्या शरीरात आजही असे चालू असेल आणि आपल्याला त्याचा पत्ता नाही.

पी-५३ ची एक बिघडलेली प्रत घेऊन जन्मलेल्या माणसांच्या घराण्यांत लहान वयात वेगवेगळे कर्करोग होतात. ली-फ्राउमेनी लक्षणसमूह म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या स्थितीचे कारण १९९० मध्ये कळले. स्तनाच्या आणि बीजांडकोशाच्या आनुवंशिक कर्करोगातली बीआरसीए-१ आणि बीआरसीए-२ ही जनुके तुटलेल्या डीएनएची अचूक सांधणी करतात. ती १९९४ आणि १९९५ मध्ये हाती आली. आतड्यातले एपीसी आणि इतर अनेक जनुकेही याच कुळातली. हत्तीबद्दल मात्र दोन वाक्ये लिहायचा मोह आवरत नाही. माणसाहून कितीतरी पट जास्त पेशी आणि साठ-सत्तर वर्षांचे आयुष्य असूनही हत्तीला कर्करोग क्वचित होतो, आणि २०१५ मध्ये आढळले की त्याच्या जनुकसंचात पी-५३ च्या जनुकाच्या एकाऐवजी वीस आवृत्त्या आहेत.

आता आपल्या घरी येऊ. मुंबईत परळला टाटा मेमोरियल रुग्णालय १९४१ मध्ये उघडले. तिथले विकृतिशास्त्रज्ञ डॉ. वसंत रामजी खानोलकर यांनी १९४४ मध्ये मुंबईतल्या तोंडाच्या कर्करोगाच्या १,००० रुग्णांचा आढावा प्रसिद्ध केला. पुढे १९५२ मध्ये त्यांच्या पुढाकाराने शेजारीच इंडियन कॅन्सर रिसर्च सेंटर उभे राहिले. त्यांच्या विद्यार्थिनी डॉ. कमल रणदिवे, माहेरच्या समर्थ, पुण्याच्या. डॉक्टरेटनंतर त्या अमेरिकेत बाल्टिमोरला जॉर्ज गाय यांच्याकडे ऊतिसंवर्धन, म्हणजे शरीराबाहेर पेशी वाढवण्याचे तंत्र, शिकल्या आणि परत येऊन परळला त्यांनी भारतातली या विषयाची पहिली प्रयोगशाळा उभारली. उंदरांतल्या स्तनाच्या कर्करोगात आनुवंशिकता, संप्रेरके आणि विषाणू यांचा संबंध काय, हा त्यांचा अभ्यास. १९७३ मध्ये त्यांनी भारतीय महिला वैज्ञानिकांची संघटना स्थापण्यात पुढाकार घेतला, १९८२ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले. निवृत्तीनंतर ही बाई अकोले तालुक्यात राजूरच्या परिसरात गेली आणि आदिवासी मुलांच्या पोषणावर, बायकांच्या आरोग्यावर काम करत राहिली. सह्याद्रीची ती बाजू आणि मोखाड्याची ही बाजू यांत आकाशमार्गे फार अंतर नाही. पेशींची प्रयोगशाळा आणि डोंगरातला पाडा हे एकाच अभ्यासाचे दोन भाग आहेत, हे त्यांनी जगून दाखवले. त्यांचे नाव आपल्या शाळांच्या पुस्तकांत याहून ठळक असायला हवे.

त्याच जॉर्ज गाय यांच्या प्रयोगशाळेत १९५१ मध्ये हेन्रिएटा लॅक्स या कृष्णवर्णीय बाईच्या गर्भाशयमुखाच्या गाठीतल्या पेशी वाढू लागल्या. तिला कुणी विचारले नव्हते. ती त्याच वर्षी वारली. तिच्या पेशी, ज्यांना हेला म्हणतात, आजही जगभर वाढताहेत. त्या का थांबत नाहीत, याचे उत्तर सापडायला जवळजवळ चाळीस वर्षे लागली आणि ते उत्तर गर्भाशयमुखाचा कर्करोग होणाऱ्या जवळपास प्रत्येक बाईला लागू आहे.

हेला पेशींत ह्यूमन पॅपिलोमा विषाणूचा, एचपीव्हीचा, अठरावा प्रकार आहे. या विषाणूचा गर्भाशयमुखाच्या कर्करोगाशी संबंध दाखवल्याबद्दल हाराल्ड त्सुर हाउझन यांना २००८ मध्ये नोबेल मिळाले. विषाणूची अडचण अशी की त्याच्याकडे डीएनएच्या प्रती काढायचे स्वतःचे साधन नाही. ते पेशीकडून घ्यावे लागते. पण तो ज्या वरच्या थरांत वाढतो, तिथल्या पेशींनी विभागणी सोडून दिलेली असते. तेव्हा त्याचे ई-७ हे प्रथिन आरबीला गाठते, त्याची ई-टू-एफवरची पकड सोडवते, आणि थांबलेली पेशी पुन्हा प्रती काढू लागते. अशा अवेळी विभागणीला पी-५३ हरकत घेतेच. म्हणून विषाणूचे दुसरे प्रथिन ई-६ पेशीतल्याच एका प्रथिनाला हाताशी धरून पी-५३ ला मोडीत काढायला लावते. आरबीचा हा प्रकार १९८९ मध्ये उलगडला आणि पी-५३ चा १९९० मध्ये. इथे जनुकांच्या प्रती शाबूतच असतात. त्यांवर घाव पडलेला नसतो. त्यांनी बनवलेले प्रथिन मात्र कामाला येण्याआधीच नाहीसे केले जाते.

हे खरे असेल तर ई-६ आणि ई-७ बंद केल्यावर काय व्हावे? २००० मध्ये येल विद्यापीठातल्या एडवर्ड गुडविन आणि डॅनियल डिमायो यांनी हेला पेशींत नेमके हेच केले. जवळजवळ पन्नास वर्षे न थांबता विभागणाऱ्या त्या पेशींत पी-५३ साठू लागले, आरबी कामावर परतले आणि पेशींनी विभागणी सोडली. त्या म्हाताऱ्या पेशींसारख्या दिसू लागल्या. संरक्षण इतकी वर्षे तिथेच होते, दाबलेले. हे वाचून जो थरारत नाही त्याने ते पुन्हा एकदा सावकाश वाचावे.

विषाणूची लागण झालेल्या बहुतेक बायकांचे शरीर वर्ष-दोन वर्षांत त्याला हटवते. थोड्या जणींत तो ठाण मांडतो, आणि तिथून कर्करोगापर्यंत साधारण दहा ते वीस वर्षे जातात. उपकेंद्रातली तपासणी याच अवधीसाठी आहे. गर्भाशयमुखाला पातळ ॲसिटिक ॲसिड लावून मिनिटभर थांबले की बिघडलेली जागा पांढरी दिसते, कारण तिथल्या पेशी दाटीने वाढलेल्या आणि प्रथिनांनी भरलेल्या असतात. नर्सताईला जो पांढरा डाग दिसतो, तो आरबी आणि पी-५३ यांची जागा रिकामी झाल्याचा साध्या डोळ्यांना दिसणारा परिणाम आहे. विकृतिशास्त्रज्ञ पुढे पी-१६ या आणखी एका रोधक प्रथिनाचा रंग तपासतात. आरबी नसल्याने पेशी पी-१६ चा वृथा ढीग लावत असते, म्हणून तो रंग गडद उमटतो.

या साध्या तपासणीने जीव वाचतात याचा जगातला फार मोलाचा पुरावा महाराष्ट्राने दिला आहे. बार्शीच्या नर्गिस दत्त स्मृती कर्करोग रुग्णालयात १९८७ मध्ये देशातली पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. नोंदणीचे कार्यकर्ते गावोगाव लक्षणे समजावत फिरले आणि काही वर्षांत बायका आधीच्या टप्प्यावर दवाखान्यात येऊ लागल्या. मुंबईच्या वस्त्यांत टाटा मेमोरियलच्या डॉ. सुरेंद्र शास्त्री यांच्या गटाने दहावी शिकलेल्या बायकांना काही आठवड्यांचे प्रशिक्षण देऊन ॲसिटिक ॲसिडची तपासणी करायला लावली. सुमारे दीड लाख बायकांच्या या अभ्यासात गर्भाशयमुखाच्या कर्करोगाने होणारे मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. उस्मानाबाद जिल्ह्यात, आजच्या धाराशिवमध्ये, ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ बायकांचा अभ्यास झाला, त्याचे निष्कर्ष २००९ मध्ये आले. एचपीव्हीची आयुष्यात एकदाच तपासणी झालेल्या गटात ३४ मृत्यू झाले, तपासणी न झालेल्या गटात ६४. या दोन्ही अभ्यासांवर एक रास्त आक्षेप घेतला गेला: तुलनेसाठी लाखाहून अधिक बायकांना तपासणीशिवाय ठेवले होते. त्यांतल्या ज्या वारल्या, त्यांचेही ऋण आपल्या आजच्या ज्ञानावर आहे. ते विसरून हे आकडे सांगू नयेत.

एचपीव्ही तपासणी निगेटिव्ह आली तर पुढची काही वर्षे धोका फार कमी असतो. जव्हार-मोखाड्यासाठी मला हा मुद्दा सर्वांत महत्त्वाचा वाटतो. इथली कितीतरी कुटुंबे दिवाळीनंतर भिवंडी, वसईकडच्या वीटभट्ट्यांवर जातात, पावसाच्या तोंडावर परततात, मग आवणीत बुडतात. दर वर्षी ठरल्या तारखेला ये, असे सांगणारी कोणतीही योजना इथे कागदावरच राहील. पाच-दहा वर्षांतून एकदा, शिमग्याला माणसे गावी परततात त्या सुमाराला, घेतलेली एक भरवशाची तपासणी आणि डाग दिसला तर त्याच दिवशी तिथेच उपचार, असे झाले तर बाईला नाशिकला किंवा सिल्वासाला हेलपाटे घालावे लागणार नाहीत. ज्या आजाराला दहा-वीस वर्षे लागतात, त्याच्याशी असे लढता येते.

लसीची कथाही आपल्याच भागातून जाते. २००९ मध्ये देशात दोन आणि तीन मात्रांची तुलना करणारा मोठा अभ्यास सुरू झाला. त्याच्या केंद्रांत बार्शी आणि पुणेही होते. २०१० मध्ये सरकारने, वेगळ्या प्रकल्पांवरून उठलेल्या वादानंतर, लस देणे थांबवले. त्यामुळे कित्येक मुलींना एकच मात्रा मिळून राहिली. पुढची दहा वर्षे त्यांच्यावर लक्ष ठेवल्यावर दिसले की १६ आणि १८ या प्रकारांच्या टिकून राहणाऱ्या लागणीपासून एक मात्राही जवळपास तितकेच संरक्षण देते. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटची भारतीय लस २०२२ मध्ये मंजूर झाली. ही लस आरबी आणि पी-५३ ला हात लावत नाही. त्यांना मोडणारा पेशीत शिरूच नये, एवढे बघते.

तोंडाच्या कर्करोगात विषाणूचा वाटा आपल्याकडे थोडा. तिथे जनुकांवर थेट घाव पडतात. तंबाखूतली नायट्रोसामाइन्स डीएनएला चिकटतात, सुपारीने गालाचे अस्तर आखडून तोंड उघडेनासे होते. गालात धरलेला तंबाखू-चुना, गुटखा, आणि आपल्या बायका दात घासायला म्हणून दिवसातून कितीदा तरी लावतात ती मिशरी, हे सारे एकाच जागेला पुन्हा पुन्हा लागत राहते. दोन घाव एकाच पेशीत पडण्याची शक्यता त्यामुळे वाढत जाते. खारघरच्या ॲक्ट्रेक या टाटा मेमोरियलच्या संशोधन केंद्राने आणि पश्चिम बंगालमधल्या कल्याणीच्या राष्ट्रीय जैववैद्यकीय जनुकशास्त्र संस्थेने गाल-हिरडीच्या कर्करोगाच्या जनुकसंचाचा अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध केला. त्यात पी-५३ चे जनुक ठळकपणे बिघडलेले होते, सोबत पेशीला मरणाकडे नेणारे कॅस्पेज-८, शिवाय फॅट-१ आणि नॉच-१. खानोलकरांच्या १,००० रुग्णांपासून या यादीपर्यंत सत्तर वर्षांचा एक सलग धागा आहे.

एका गोष्टीची काळजी वाटते आणि ती मोकळेपणी लिहितो. सिकलसेलचा वाहक आहे म्हणून सोयरीक मोडल्याचे प्रकार आपण ऐकले आहेत. कर्करोग जनुकांचा आजार आहे असे कानावर पडले की घराण्याला बोल लावणे त्याच वाटेने सुरू होऊ शकते. तेव्हा नीट समजून घ्यावे: कर्करोग नेहमीच जनुकांचा आजार असतो, पण पिढीजात क्वचित असतो. स्तनाच्या कर्करोगातही आनुवंशिक भाग पाच ते दहा टक्क्यांचा. ज्या मुलाला दोन्ही डोळ्यांत रेटिनोब्लास्टोमा झाला, त्याच्या भावंडांचे डोळे तपासायचे ते त्यांना वाचवण्यासाठी. उलट एचपीव्हीबद्दल कळले की बाईच्या चारित्र्यावर बोट ठेवले जाते. हा विषाणू इतका सर्रास आहे की लग्न झालेल्या बहुतेक स्त्री-पुरुषांना तो आयुष्यात कधीतरी होऊन गेलेला असतो. शिकवणाऱ्याने ही दोन वाक्ये वर्गात आधी सांगावीत, गुणसूत्रांची आकृती नंतर काढावी.

गमावलेले पी-५३ परत देता येईल का, हा या शास्त्रातला अजून न सुटलेला प्रश्न. चीनने २००३ मध्ये विषाणूच्या वाटेने हे जनुक गाठीत सोडणारे औषध मंजूर केले, पण जगभर ते रुजले नाही. बिघडलेल्या प्रथिनाला पुन्हा आकारात आणणारी, किंवा एमडीएम-टूला अडवणारी औषधे तपासली जात आहेत. एखादे प्रथिन जास्त काम करत असेल तर त्याला औषधाने रोखणे त्या मानाने सोपे. जे नाहीच त्याला परत आणणे फार अवघड. बीआरसीएच्या बाबतीत मात्र याच उणिवेचा उपयोग झाला: त्या पेशींना सांधणीची दुसरी पद्धतही बंद करणारी पार्प-रोधक औषधे आज रुग्णांना दिली जातात.

वाचायला कुठून सुरुवात करावी हे प्रत्येकाच्या कामावर ठरेल. तीस वर्षांवरच्या माणसांचे सीबॅक, म्हणजे आजारांच्या धोक्याची चाचपणी करणारे, फॉर्म भरणाऱ्या आशाताईंनी एचपीव्ही आणि मिशरीचा भाग आधी वाचावा. तोंडातली न भरणारी जखम, पाळी गेल्यावर किंवा संबंधानंतर होणारे रक्त, स्तनातली गाठ हे त्या फॉर्मवरचे प्रश्न का आहेत, ते त्यांना तिथे सापडेल, आणि विचारताना कुठला प्रश्न घाईत उरकू नये हेही. शिक्षकांनी नुडसन यांच्यापासून सुरुवात करावी. वयाचे आलेख दहावीच्या मुलांना स्वतः काढता येतात. महाविद्यालयातल्या मुलामुलींनी १९७९ ते १९८९ या काळातले पी-५३ वरचे शोधनिबंध क्रमाने वाचावेत, आणि प्रत्येक निबंधाशी थांबून, त्या दिवशी आपण तिथे असतो तर काय निष्कर्ष काढला असता, ते वहीत लिहून मगच पुढचा उघडावा.